डूहानची पाच विजेतेपदे: मैदान भरलेले होते की रिकामे?

शंकेखोर (धागाकर्ता)

मिक डूहान या ऑस्ट्रेलियन रायडरने 1994 ते 1998 अशी सलग पाच वर्षे 500 सीसी या तेव्हाच्या सर्वोच्च गटाचे जागतिक विजेतेपद मिळवले, हे मोटारसायकल शर्यतींचा थोडाफार नाद असलेल्या प्रत्येकाला ठाऊक असते. 137 शर्यती, 54 विजय, 58 वेळा पोल पोझिशन (पात्रता फेरीत पहिला येऊन मिळणारी सर्वांत पुढची जागा) आणि 95 वेळा पहिल्या तिघांत, असा त्याचा लेखाजोखा आहे. मात्र हे आकडे वाचताना मला नेहमी एक शंका छळते, म्हणून हा धागा काढत आहे.

1980 च्या दशकाच्या उत्तरार्धापासून ज्या चौघा-पाच जणांनी हा गट गाजवला, त्यांच्यापैकी एकही जण डूहान जिंकू लागला तेव्हा धडधाकट अवस्थेत समोर उभा नव्हता. चार वेळचा विजेता एडी लॉसन आणि 1987 चा विजेता वेन गार्डनर हे दोघे 1992 च्या अखेरीस थांबले. वेन रेनी 5 सप्टेंबर 1993 रोजी मिसानोच्या शर्यतीत पडला, तेव्हा तो गुणतक्त्यात पहिला होता आणि सलग चौथ्या विजेतेपदाकडे निघाला होता. त्या अपघाताने त्याचे छातीखालचे शरीर कायमचे लुळे पडले. ते वर्ष जिंकणारा केव्हिन श्वांझ दुखापतींनी जेरीस येऊन 1995 च्या मोसमातच निवृत्त झाला. त्यांच्यानंतर डूहानच्या मागे दुसरे कोण आले ते पाहा: 1994 मध्ये लुका कादालोरा, 1995 मध्ये डॅरिल बीटी, 1996 मध्ये आलेक्स क्रिव्हिये, 1997 मध्ये तादायुकी ओकादा आणि 1998 मध्ये मॅक्स बियाजी. या पाचांपैकी 500 सीसीचे विजेतेपद नंतर एकट्या क्रिव्हियेला मिळाले आणि तेही 1999 मध्ये, म्हणजे डूहान जायबंदी होऊन बाहेर पडल्यावर.

तेव्हा प्रश्न असा की, ही पाच विजेतेपदे आपण रेनीच्या तीन किंवा लॉसनच्या चार विजेतेपदांच्या तागडीत तोलावीत का? डूहान थोर नव्हता असे मला म्हणायचे नाही. त्याच्या काळात चुरस होती का, एवढेच मला विचारायचे आहे.

वळणवेडा

वऱ्हाडी कमी आले म्हणून लग्न मोडत नाही.

शंकेखोर

लग्न मोडत नाही हे मान्य, पण आहेर कमी पडतो.

टूस्ट्रोकप्रेमी

धागाकर्त्यांनी मांडलेली शंका नवी नाही, तरीही ती सभ्य शब्दांत मांडल्याबद्दल आभार, कारण एरवी या विषयावरच्या चर्चा तिसऱ्या प्रतिसादातच हमरीतुमरीवर येतात.

माझा पहिला आक्षेप असा की, आपण गोष्ट 1994 पासून सुरू केली. डूहान काही 1994 मध्ये आकाशातून पडला नाही. 1988 मध्ये यामाहावर सुपरबाइकच्या जागतिक मालिकेतल्या शर्यती जिंकून तो 1989 मध्ये होंडाच्या 500 सीसी संघात आला. त्याचे पहिले वर्ष पडण्यात आणि हात-बोटे फोडून घेण्यात गेले. 1990 मध्ये हंगेरीत त्याने पहिला विजय मिळवला आणि त्या वर्षी तो तिसरा आला. 1991 मध्ये त्याने तीन शर्यती जिंकल्या आणि रेनीच्या मागे अवघ्या 9 गुणांनी दुसरा राहिला. ज्या मंडळींच्या नसण्याचा आपण हिशेब मांडता, ती सर्व मंडळी त्या वर्षी समोर हजर होती. त्यानंतर आले 1992, आणि त्या वर्षाबद्दल बोलल्याशिवाय या धाग्याला अर्थ नाही.

हाडवैद्य

1992 बद्दल मी लिहितो, कारण माझा पेशाच तुटलेली हाडे जोडण्याचा आहे आणि ही हकीकत मी विद्यार्थिदशेत प्रथम ऐकली तेव्हा तिच्यावर माझा विश्वास बसला नव्हता.

त्या मोसमातल्या पहिल्या सातपैकी पाच शर्यती डूहानने जिंकल्या होत्या आणि उरलेल्या दोन्हींत तो दुसरा आला होता. जूनच्या अखेरीस नेदरलँड्समधल्या असेनच्या सरावात तो पडला आणि उजव्या पायाची नडगी मोडली. असे अस्थिभंग रोज होतात आणि रोज जुळतात. घोळ झाला तो शस्त्रक्रियेनंतर. नडगीभोवतीचे स्नायू घट्ट आवरणांच्या कप्प्यांत बसवलेले असतात. आत सूज वाढली की त्या आवरणाला ताणायला जागा नसते, दाब चढत जातो आणि रक्त आत शिरेनासे होते. असा पाय तासांच्या हिशेबाने मरू लागतो. डूहानचा पाय कापावा लागेल की काय, इथपर्यंत वेळ आली होती.

शर्यतींच्या गावोगावी फिरता दवाखाना चालवणारे इटालियन डॉक्टर क्लाउडिओ कोस्ता यांनी त्याला तिथून उचलून विमानाने इटलीला नेले आणि त्याचे दोन्ही पाय एकमेकांना शिवून टाकले. चांगल्या डाव्या पायाच्या रक्तावर उजवा पाय तगवायचा, असा तो बेत होता. एका पायाची कातडी दुसऱ्या पायाला जोडून ठेवण्याचे तंत्र आमच्या शास्त्रात जुनेच आहे, पण जागतिक विजेतेपदाच्या ऐन धामधुमीत, ज्याला दोन महिन्यांत पुन्हा मोटारसायकलवर बसायचे आहे अशा माणसावर ते करणे, हे धाडस होते. जवळजवळ दोन आठवडे तो माणूस तसा जखडून पडून होता. कुशीवर वळायचे म्हटले तरी दोन्ही पाय एकदम उचलून फिरवावे लागत असणार, हे आमच्या वॉर्डातले असे रुग्ण पाहिलेला कोणीही सांगेल.

पाय वाचला, परंतु वाकडा जुळला आणि घोट्याची हालचाल जवळजवळ गेली. तरीही अपघातानंतर सुमारे आठ आठवड्यांनी तो ब्राझीलमध्ये इंटरलागोसच्या शर्यतीला उभा राहिला. डॉक्टर म्हणून मी त्याला परवानगी दिली नसती, हेही नमूद करतो.

मृण्मयी

हाडवैद्य, इतके तपशिलाने लिहू नका हो, हातातला चहा खाली ठेवावा लागला.

एक विचारते, कारण मी या खेळात नवी आहे. असेनला तो पडला तेव्हा रेनीपेक्षा किती पुढे होता? आणि एवढे पुढे असून हरला कसा?

आकडेमोड

मृण्मयी, हा प्रश्न मला फार आवडीचा असल्यामुळे उत्तर लांबेल, सांभाळून घ्या.

1992 मध्ये गुण फक्त पहिल्या दहांना मिळत होते: 20, 15, 12, 10, 8, 6, 4, 3, 2, 1. सात शर्यतींनंतर डूहानचे 130 गुण होते (पाच विजय, दोन दुसरे क्रमांक) आणि रेनीचे 65, म्हणजे बरोबर निम्मे. त्यानंतर डूहान चार शर्यतींना मुकला. रेनी स्वतः जर्मनीत हॉकेनहाइमला पडून दुखावलेला असल्याने असेनला धावला नाही, पण पुढे हंगेरीत पाचवा, फ्रान्समध्ये पहिला, ब्रिटनमध्ये दुसरा आणि ब्राझीलमध्ये पुन्हा पहिला आला. परतलेला डूहान ब्राझीलमध्ये बारावा आला आणि त्याला शून्य गुण मिळाले. शेवटच्या शर्यतीसाठी दोघे दक्षिण आफ्रिकेत किआलामीला पोहोचले तेव्हा डूहान 130, रेनी 128 अशी स्थिती होती. शर्यत जॉन कोसिन्स्की या अमेरिकन रायडरने जिंकली, रेनी तिसरा आला, डूहान सहावा. अखेर 140 विरुद्ध 136. डूहान आणखी दोन क्रमांक वर, म्हणजे चौथा आला असता, तर दोघांचे गुण समान झाले असते.

त्या वर्षीची गुणपद्धत विचित्र होती म्हणून डूहान बुडाला, असे पुष्कळदा वाचायला मिळते. मी ते तपासून पाहिले. आदल्या वर्षीची पद्धत (20, 17, 15, 13, 11, 10 असे उतरत पंधराव्याला 1) लावली तर बाराव्या क्रमांकाचेही 4 गुण मिळतात, तरीही रेनी 154 आणि डूहान 148 असाच निकाल लागतो. पुढच्या वर्षीची 25, 20, 16 ही पद्धत लावली तर रेनी 182 आणि डूहान 179. तिन्ही पद्धतींत रेनीच जिंकतो. तेव्हा गुणपद्धतीला बोल लावण्यात अर्थ नाही, डूहानला पायाने हरवले.

टूस्ट्रोकप्रेमी

आकडेमोड, आपला हा प्रतिसाद मी जपून ठेवत आहे. मी स्वतः गेली कित्येक वर्षे गुणपद्धतीलाच दोष देत आलो होतो.

शंकेखोर

1992 ची हकीकत हृदयद्रावक आहे यात वाद नाही. पण दुःख सोसले म्हणून विजेतेपदाचे वजन वाढते, हा युक्तिवाद मला पटत नाही. माझा प्रश्न प्रतिस्पर्ध्यांबद्दल आहे, धैर्याबद्दल नाही.

गाडीचावैद्य

मग धैर्य बाजूला ठेवून यंत्राबद्दल बोलू. त्या मोडक्या घोट्यानेच या खेळाला एक अवजार दिले, त्याची इथे कोणी आठवण काढली नाही याचे आश्चर्य वाटते.

मोटारसायकलचा मागचा ब्रेक उजव्या पायाच्या चवड्याने दाबतात. डूहानचा घोटा वळेना, म्हणून 1993 मध्ये त्याच्या गाडीच्या डाव्या हँडलला, क्लचच्या खाली, अंगठ्याने दाबायचा एक छोटा दांडा बसवण्यात आला आणि मागचा ब्रेक तिथून चालू लागला. क्लच काही दर वळणाला लागत नाही, त्यामुळे डावा अंगठा मोकळाच असतो. अपंगत्वावर केलेला तात्पुरता इलाज म्हणून जे सुरू झाले, त्याचा खरा फायदा वेगळाच निघाला.

मी हौशी रायडर आहे आणि वर्षातून दोन-चारदा बंद ट्रॅकवर गाडी चालवतो. उजव्या वळणात गाडी पूर्ण कलली की उजवा बूट आणि डांबर यांच्यात जेमतेम बोटभर अंतर उरते. चवडा पायदांडीवर टेकवून, टाच आत ओढून बसावे लागते, आणि ब्रेकच्या पेडलपर्यंत पाय न्यायचा तर बुटाचा पुढचा भाग रस्त्यावर खरवडतो. माझ्या उजव्या बुटाच्या टोकाची प्लास्टिकची पट्टी दोन मोसमांत कागदासारखी झाली, डावी अजून नव्यासारखी आहे. म्हणजे ज्या क्षणी मागच्या चाकाला हलकेच लगाम घालायची सर्वांत जास्त गरज असते, नेमक्या त्याच क्षणी पाय कामाचा नसतो. टू-स्ट्रोक इंजिनाला तर थ्रॉटल सोडल्यावर स्वतःचा अटकावही फारसा नसतो. डूहान उजव्या वळणातून बाहेर पडताना घसरते मागचे चाक अंगठ्याने आवरत असे आणि पुढचे चाक उचलले जाऊ लागले तर तेही त्याच अंगठ्याने खाली आणत असे. आज मोटोजीपीतले, म्हणजे 500 सीसीच्या जागी आलेल्या सर्वोच्च गटातले, अनेक धडधाकट पायांचे रायडर अंगठ्याचा ब्रेक वापरतात.

वळणवेडा

म्हणजे मोडलेल्या पायाचा फायदा झाला म्हणायचे. शंकेखोर आता म्हणतील की हा प्रतिस्पर्ध्यांवर अन्याय आहे.

शंकेखोर

म्हणणारच होतो, आपण आधी म्हणून टाकलेत.

काठावरचाप्रेक्षक

मी थोडे विरुद्ध बाजूने लिहितो, कारण आतापर्यंतचा सूर एकतर्फी होत चालला आहे.

1994 नंतरच्या डूहानच्या यशात होंडाचा वाटा किती, हे कोणीच विचारलेले नाही. होंडाची एनएसआर 500 ही त्या काळातली सर्वांत शक्तिशाली आणि सर्वांत भरवशाची गाडी होती. रेनी गेल्यावर यामाहा चाचपडत राहिली, श्वांझ गेल्यावर सुझुकीचीही तीच गत झाली आणि कजीवाने 1994 नंतर या गटातून अंगच काढून घेतले. त्यात डूहानच्या पाठीशी जेरेमी बर्जेससारखा मुख्य तंत्रज्ञ होता, जो त्याआधी गार्डनरच्या 1987 च्या विजेतेपदातही होता आणि पुढे व्हॅलेंटिनो रॉसीकडे गेला. एवढी शिदोरी असल्यावर 1995 मध्ये 7 आणि 1996 मध्ये 8 शर्यती जिंकणे हे मोठे असले तरी अशक्यप्राय नव्हे. तेव्हा मी धागाकर्त्यांच्या शंकेत आणखी एक शंका मिळवतो.

आकडेमोड

गाडीचा मुद्दा रास्त आहे, पण त्याचे उत्तर 1997 मध्ये दडलेले आहे. त्या वर्षी अंतिम तक्त्यात पहिले पाचही रायडर होंडावर होते: डूहान, ओकादा, नोबुआत्सु आओकी, क्रिव्हिये आणि ताकुमा आओकी. यांच्यातले चौघे तर डूहानसकट एकाच संघातले होते. म्हणजे गाडी चांगली होती हे खरे, पण ती एकट्याची नव्हती. तरीही डूहानचे 340 गुण झाले आणि ओकादाचे 197. पंधरापैकी 12 शर्यती त्याने जिंकल्या, त्यांतल्या 10 सलग. एका मोसमात 12 विजयांचा हा विक्रम मार्क मार्केझने 2014 मध्ये 13 विजय मिळवून मोडला, पण त्याला त्यासाठी 18 शर्यती होत्या. जिंकण्याचे प्रमाण काढले तर डूहानचे 80 टक्के भरते आणि मार्केझचे 72.

टूस्ट्रोकप्रेमी

आणि त्याच 1997 ची खरी गंमत आकड्यांत दिसत नाही, ती कानांना ऐकू येते. जरा सविस्तर सांगतो.

1992 मध्ये होंडाने एनएसआरला जे इंजिन दिले त्याला बिग बँग म्हणत. चारही सिलिंडरमधले स्फोट क्रँकच्या एका फेरीतल्या सुमारे 70 अंशांत उरकायचे आणि उरलेल्या फेरीत शांतता. त्या शांततेत मागच्या टायरला पुन्हा पकड घ्यायला उसंत मिळते, त्यामुळे रायडरला चाक कधी सुटणार याचा अंदाज येतो. त्याआधीच्या, समान अंतराने धडधडणाऱ्या इंजिनांत ही उसंत नसे. चाक सुटले की ते फिरतच राहायचे आणि पुन्हा पकड मिळताच गाडी स्वाराला घोड्यासारखी उधळून वर फेकून द्यायची, ज्याला हायसाइड म्हणतात. 1980 च्या दशकाच्या अखेरीस निम्मे रायडर त्यानेच मोडून पडत असत. बिग बँगने ही भीती पुष्कळ कमी केली आणि पाहता पाहता इतर कारखान्यांनीही तो क्रम उचलला.

आता डूहानने काय करावे? 1997 साठी त्याने ते सौम्य इंजिन नाकारून दोन-दोन सिलिंडर अर्ध्या-अर्ध्या फेरीने पेटणारे जुन्या वळणाचे इंजिन मागून घेतले. त्याला स्क्रीमर म्हणत, कारण त्याचा आवाजच किंचाळल्यासारखा होता. बिग बँगचा आवाज त्यामानाने घोगरा आणि जाडसर. जुन्या चित्रफितीत स्पेनमधल्या हेरेझचा किंवा असेनचा एखादा थेट आवाज ऐका. गाड्यांचा थवा जातो तेव्हा सगळा घोगरा कल्लोळ असतो आणि त्यात एकच सूर वरच्या पट्टीत चिरत जातो. संघातले बाकीचे रायडर बहुतांशी बिग बँगवरच राहिले. बियाजीसारख्याने 250 सीसीहून वर यावे आणि सोप्या इंजिनावर लगेच जिंकू लागावे, ही धास्ती त्यामागे होती असेही मानले जाते. अवघड हत्यार एकट्याच्या हाताला चालते, त्यामुळे तेच पसंत करायचे, असा तो डाव होता. ज्याला प्रतिस्पर्धी नाहीत तो माणूस असले उपद्व्याप कशाला करील?

मृण्मयी

हे वाचून मी तो आवाज खरोखर ऐकून आले. अंगावर काटा आला. माझ्या मांजराने मात्र घर सोडले.

हाडवैद्य

मांजर परतले की कळवावे.

अवांतर झाले तरी एक लिहितो. टूस्ट्रोकप्रेमींनी हायसाइडचा उल्लेख केला. या अपघातात माणूस उंच उडून खांद्यावर, मनगटावर किंवा डोक्यावर पडतो, त्यामुळे त्या काळच्या रायडरांच्या गळपट्टीच्या आणि मनगटाच्या हाडांचे एक्स-रे पाहिले तर सुताराचे दुकान उघडल्यासारखे दिसते. डूहानची कारकीर्द संपली तीही हेरेझला, 1999 च्या मे महिन्यात, पात्रता फेरीत पांढऱ्या रंगाच्या ओल्या पट्ट्यावर चाक गेल्यामुळे. पाय, गळपट्टी आणि मनगट तिन्ही मोडले. रंगाचा पट्टा ओला झाला की काचेसारखा होतो, हे रस्त्यावर दुचाकी चालवणाऱ्या प्रत्येकाला ठाऊक असते. पाच वेळचा जगज्जेताही त्यातून सुटत नाही.

काठावरचाप्रेक्षक

आकडेमोड आणि टूस्ट्रोकप्रेमी, आपले दोन्ही प्रतिसाद वाचून गाडीबद्दलची माझी शंका मागे घेतो. तरीही क्रिव्हियेला आपण सगळे फार स्वस्तात काढत आहोत असे वाटते. 1996 मध्ये त्याने डूहानला खरोखर घाम फोडला होता. त्याच्या घरच्या हेरेझला शेवटच्या फेरीत तो पुढे होता. शर्यत संपली असे समजून प्रेक्षक कुंपण ओलांडून ट्रॅकच्या कडेला धावले, त्या गोंधळात डूहान पुढे निघाला आणि शेवटच्या वळणावर क्रिव्हिये पडला. त्याच वर्षी चेक प्रजासत्ताकातल्या ब्रनोला मात्र क्रिव्हियेने डूहानला 0.002 सेकंदांनी मागे टाकले. एका सेकंदाचे हजार भाग करून त्यातले दोन! असा प्रतिस्पर्धी असताना मैदान रिकामे कसे म्हणावे?

शंकेखोर

ब्रनोचा मुद्दा मान्य. पण ज्या वर्षी क्रिव्हियेने घाम फोडला त्याच वर्षी डूहानने 8 शर्यती जिंकल्या हेही आपणच वर लिहिले आहे. घाम फुटला असेल, पण रुमालही जवळच होता.

दक्षिणवारा

मी मेलबर्नला राहतो आणि फिलिप आयलंडला दर वर्षी ऑक्टोबरात जातो, त्यामुळे मला थोडे घरच्या बाजूने लिहू द्या.

त्या ट्रॅकवर मुख्य सरळ रस्त्याला गार्डनरचे नाव आहे, पहिल्या वळणाला डूहानचे आणि तिसऱ्याला केसी स्टोनरचे. 500 सीसी आणि नंतरचा मोटोजीपी मिळून या सर्वोच्च गटात विजेते झालेले ऑस्ट्रेलियन हेच तिघे. डूहान वळण टीव्हीवर साधे दिसते. प्रत्यक्ष तिथल्या टेकाडावर उभे राहिले की कळते की गाड्या सरळ रस्त्याच्या टोकाला, समुद्राच्या दिशेने उतरत, ताशी 300 किलोमीटरच्या वर येतात आणि वेग फारसा न सोडता उजवीकडे कलतात. वारा समुद्रावरून आडवा येतो. मी पहिल्यांदा गेलो तेव्हा डोक्यावरची टोपी उडून कुंपणापलीकडे गेली आणि शेजारचे म्हातारे गृहस्थ म्हणाले की, आज वारा पडलेला आहे.

याच ट्रॅकवर 1997 च्या शेवटच्या शर्यतीत डूहान आघाडीवर असताना पडला. विजेतेपद केव्हाच खिशात होते, फक्त घरच्या लोकांसमोर तेरावा विजय हवा होता. तिथले जुने प्रेक्षक त्या पडण्याबद्दल अजून हळहळतात. पुढच्याच वर्षी 1998 मध्ये मात्र त्याने इथेच शर्यतही जिंकली आणि पाचवे विजेतेपदही. शंकेखोर, 1998 ला चुरस नव्हती असे इथे कोणासमोर म्हणू नका. बियाजीने 500 सीसीतली पहिलीच शर्यत सुझुकाला जिंकली होती आणि कित्येक महिने तो गुणतक्त्यात डूहानच्या मानगुटीवर बसलेला होता.

अवांतर: डूहानचा मुलगा जॅक चारचाकीकडे वळला आणि 2024 च्या अखेरीस अबू धाबीला त्याने फॉर्म्युला वनमध्ये पदार्पण केले.

वळणवेडा

दोन चाकांवर बापाचे काय काय मोडले ते पाहून पोराने चार चाके निवडली असतील, तर त्याच्या शहाणपणाला दाद द्यायला हवी.

गाडीचावैद्य

मूळ प्रश्नाकडे परत येतो, कारण मला वाटते त्याचे उत्तर आपण सगळे चुकीच्या वर्षांत शोधत आहोत.

डूहान रेनी, श्वांझ, लॉसन, गार्डनर आणि कोसिन्स्की या सगळ्यांना एकाच वेळी भिडला असे शेवटचे वर्ष 1992. मैदान खच्चून भरलेले होते. त्या मैदानात त्याने सातपैकी पाच जिंकल्या आणि उरलेल्या दोन्हींत दुसरा आला. तेव्हा तो मोठ्यांना हरवू शकत होता का, याचा पुरावा पाच विजेतेपदांत नाही. जे एक विजेतेपद त्याला मिळाले नाही, त्यात आहे.

शंकेखोर

गाडीचावैद्य, हा मुद्दा मला सुचायला हवा होता. प्रामाणिकपणे सांगतो, सुचला नव्हता.

तरी पूर्ण शरणागती पत्करण्यापूर्वी दोन हरकती नोंदवतो. एक, बिग बँग इंजिन त्या मोसमाच्या सुरुवातीला फक्त होंडाकडे होते, हे टूस्ट्रोकप्रेमींच्याच प्रतिसादातून ध्वनित होते. इतर कारखाने वर्षाच्या मध्यापर्यंत ते तयार करण्यात गुंतले होते. दोन, रेनी त्या वर्षात उतरला तोच 1991 च्या अखेरीस मोडलेल्या मांडीच्या हाडासह. तेव्हा त्या सात शर्यतींतही पारडे थोडे झुकलेले होते.

टूस्ट्रोकप्रेमी

दोन्ही हरकती खऱ्या आहेत, पण पहिलीची दुसरी बाजू आपणच पाहा. ज्या इंजिनामुळे 1992 मध्ये त्याला फायदा झाला असे आपण म्हणता, तेच इंजिन त्याने 1997 मध्ये आपणहून टाकून दिले आणि 12 शर्यती जिंकल्या. 1998 मध्ये शिशाच्या पेट्रोलवर बंदी आली, इंजिनांचा स्वभाव बदलला, तरीही 14 पैकी 8 जिंकल्या. गाडी बदलली, पेट्रोल बदलले, प्रतिस्पर्धी बदलले, पायसुद्धा बदलला. निकाल तेवढा बदलला नाही.

हाडवैद्य

आणि रेनीच्या मांडीचे हाड त्या वर्षी दुखत होते हे मी मान्य करतो, पण मांडीचे हाड आणि एकमेकांना शिवलेले दोन पाय यांची तुलना करायची असेल तर माझ्या दवाखान्यात या, तिथे बसून करू.

शंकेखोर

येतो, मात्र पायी येईन. तूर्त एवढे मान्य करतो की 1994 आणि 1995 ही दोन वर्षे मला अजूनही थोडी रिकामी वाटतात, उरलेल्या तीन वर्षांबद्दलची शंका मागे घेतली आहे. धाग्याचे शीर्षक बदलण्याची सोय असेल तर कोणी सांगावे, नसेल तर मैदान तीन पंचमांश भरलेले होते असे वाचावे.

आकडेमोड

60 टक्के. आणि 1994 बद्दल म्हणाल तर त्या वर्षी 14 शर्यतींत 9 विजय होते आणि श्वांझ तेव्हा अजून धावत होता. 1995 चे उद्या लिहितो, निकाल काढून ठेवले आहेत.